वहिनींनी लावलेली रांग

वहिनी मूळच्या कुणाच्या वहिनी, हे त्या रस्त्यावर कुणी विचारत नसे. समोरचा लॉन्ड्रीवाला त्यांना वहिनी म्हणे, बँकेतला शिपाई वहिनी म्हणे आणि वयाने आईसारख्या असलेल्या चष्मेवाल्या बाईही वहिनीच म्हणत. जिन्याखालच्या अरुंद खोलीत त्यांचं अल्टरेशनचं दुकान होतं. मशीन, इस्त्रीचं टेबल, एक उभा आरसा आणि गिऱ्हाइकाला उभं राहण्यापुरती जागा. गिऱ्हाईक अंगाने भरलेलं असलं तर वहिनींना मशीनच्या पलीकडे सरकावं लागे.

नवं काही त्या शिवत नसत. "नवं शिवायला हुशारी लागते," त्या म्हणत, "जुनं अंगाला बसवायला सहनशक्ती लागते. माझ्याकडे दुसरी गोष्ट जास्त आहे." पँट आखूड करायची, बाही उतरवायची, कमरेत सैल करायचं, आणि हे सगळं समोरच्याला शरमल्यासारखं होऊ न देता. कमर सुटलेल्या माणसाला त्यांनी "जाड झालात" असं कधी म्हटलं नाही. "कापड आटलंय हो," म्हणायच्या. या एका वाक्यावर त्यांची निम्मी गिऱ्हाइकी टिकून होती. आणि एक नियम त्यांनी कधी मोडला नव्हता: अंगावर घालून बघितल्याशिवाय कपडा द्यायचा नाही.

घरी माणसं चार आणि कॉम्प्युटर एक. तो फ्रिज आणि जेवणाचं टेबल यांच्या मधल्या बोळात ठेवलेला होता, म्हणजे फ्रिजचं दार उघडायचं तर खेळणाऱ्याला खुर्चीसकट पुढे सरकावं लागे. त्यावर तिघांचे तीन खेळ चालत.

वहिनींचा नवरा लिफ्ट दुरुस्त करायचा. दिवसभर लोकांना वरखाली सोडून तो घरी यायचा आणि तलवारी, राक्षस, डोंगरकडे असलेला खेळ उघडायचा. पण राक्षस त्याने अजून एकही मारला नव्हता. त्याचा सगळा वेळ आपल्या योद्ध्याचे केस आणि दाढी बदलण्यात जाई. स्वतःच्या डोक्यावर आता मोजके केस उरले होते, त्यामुळे घरात याबद्दल कुणी बोलत नसे.

नवऱ्याची थोरली बहीण, म्हणजे वहिनींच्या वन्सं, दातांच्या डॉक्टरकडे मदतनीस होत्या. त्यांचा खेळ शेतीचा. गाई, ट्रॅक्टर, कोबी. बाकी सगळं त्यांना आवडे, फक्त त्या खेळातल्या बाजारात माणसं होती. "दिवसभर माणसांची तोंडं उघडून आत बघते," वन्सं म्हणाल्या, "घरी आल्यावर तरी माणसं नकोत." मग वहिनींनी शोधाशोध करून त्यांच्या खेळात अशी व्यवस्था केली, की जिथे जिथे माणूस असेल तिथे तिथे शेळी दिसावी. तेव्हापासून वन्संचा बाजार शेळ्यांनी भरलेला असे आणि वन्संचं डोकं शांत असे.

तिसरे बाबा, वहिनींचे सासरे; वन्संना ते अजून बेबीच म्हणत. ते जन्मभर बसचे ड्रायव्हर. उजव्या डोळ्याने दगा दिला आणि त्यांना स्टिअरिंगवरून उठवलं गेलं. त्या धक्क्यातून त्यांना बस चालवायच्या खेळाने बाहेर काढलं. लेकाने जुन्या बाजारातून खेळायचं स्टिअरिंग आणून टेबलाला घट्ट बसवून दिलं होतं. बाबा खेळायला बसताना पायात बूट घालत. "चपला घालून कुणी पॅसेंजर गाडी चालवतं का?" ते विचारत.

या तिन्ही खेळांत बदल करण्याचं खातं वहिनींकडे कसं आलं, तर बाबांच्या तक्रारीतून. खेळातली बस बघून ते म्हणाले होते, "सूनबाई, ही गाडी माझी नाही. ही लग्नाला निघाल्यासारखी दिसतेय." वहिनी म्हणाल्या, "अल्टर करून मिळतं का बघते." आणि मिळत होतं. जगभर लोक आपापल्या खेळांना लहानमोठी ठिगळं लावत होते. कुणी रंग बदलत होतं, कुणी आवाज, कुणी अख्खं गाव. अशा ठिगळाला मॉड म्हणतात, हे कळल्यावर वहिनींना आपल्याच जातकुळीची माणसं भेटल्यासारखं वाटलं. खेळ हा तयार कपडा. तो सगळ्यांच्या मापाचा म्हणून कुणाच्याच मापाचा नाही. एका जुन्या फोटोवरून त्यांनी स्वतः बाबांची बस तयार केली. हिरवी, वर साय रंगाचा पट्टा, आणि मागच्या दाराशेजारी एक पोचा. त्या पोच्याबद्दल बाबा एवढंच सांगत, की तेव्हा भिंत पुढे आली होती. बसच्या जुन्या हॉर्नचा आवाज घातला, साधे कपडे घातलेले पॅसेंजर घातले आणि बाबांच्या सात नंबरच्या मार्गावरचे स्टॉप बसवले. हॉस्पिटल, काड्यापेटी कारखाना, मुलींची शाळा, पाण्याची टाकी आणि शेवटी खाणीचं फाटक.

मॉड वाढत गेले तसा पसारा झाला. कुठलं ठिगळ कुठल्या खेळाचं, याचा मेळ राहिना. मग वहिनींनी कॉम्प्युटरवर मॉड मॅनेजर घेतला. सगळ्या खेळांचे मॉड सांभाळणारा तो एकच प्रोग्राम. कपाटासारखा: प्रत्येक खेळाला एक कप्पा, आणि कप्प्यात मॉड एकाखाली एक रांगेत लावलेले.

"घरात एक मॅनेजर असताना दुसरा कशाला?" नवरा म्हणाला.

"पहिल्याला पगार नाही, म्हणून," वहिनी म्हणाल्या.

सगळं सुरळीत चाललं होतं. आणि मग कंडक्टरकाकांचा फोन आला.

कंडक्टरकाका म्हणजे सात नंबरच्या गाडीवर बाबांच्या मागे उभं राहून ज्यांनी तिकिटं फाडली ते. दोघांचं आयुष्यभर पटलं नाही, आणि दोघांना दुसरा मित्रही नव्हता. काका आता खोली सोडून मुलीकडे कायमचे राहायला निघाले होते. फार लांब. दोघांच्या तब्येती बघता, पुन्हा भेटू असं कुणी म्हटलं तर ते निव्वळ सभ्यपणासाठीच. रविवारी दुपारी ते निरोप घ्यायला येणार होते. बाबा फोनवर छाती फुगवून म्हणाले, "नुसता निरोप कसला घेतोस? सात नंबर घरी उभी आहे. तीच गाडी, जशीच्या तशी. शेवटची फेरी मारू."

पलीकडून काका म्हणाले, "तुझ्या थापा मी चालत्या गाडीत ऐकल्यात. बघतो येऊन."

फोन ठेवून बाबा वहिनींकडे वळले. त्यांना मागायची सवय नव्हती, त्यामुळे ते फ्रिजशी बोलल्यासारखे बोलले. "गाडी तेवढी नीट असली पाहिजे. नाहीतर जन्मभर म्हणेल, थाप मारली."

"काळजीच करू नका, बाबा," वहिनी म्हणाल्या. आणि पाहुणे येणार म्हणून लोक घर आवरतात तशा त्या मॅनेजर आवरायला बसल्या. नडलं ते इथेच.

बसचा आणि शेतीचा असे दोन्ही खेळ एकाच कंपनीचे होते. मॅनेजरने विचारलं, या दोघांना वेगवेगळे कप्पे ठेवायचे, की एकच सामाईक? वहिनी खटल्याच्या घरात वाढलेल्या. एका छपराखाली राहायचं आणि चुली दोन, हे त्यांना पटेना. त्यांनी सामाईक कप्पा केला. लगेच रांगेत जागोजागी लाल खुणा उमटल्या. हा मॉड त्या मॉडशी भांडतोय, असा त्याचा अर्थ. वहिनींनी त्या खुणांकडे बघितलं आणि म्हणाल्या, "भांड्याला भांडं लागणारच." आणि पुढे गेल्या.

मग रांग लावली. सगळ्यांत वर बाबांचे मॉड, कारण ते वडीलधारे. त्याखाली वन्संचे. अगदी खाली किरकोळ. खरं तर मॅनेजरने पहिल्याच दिवशी एका ओळीत सांगून ठेवलं होतं, की दोघांचं भांडण झालं तर रांगेत जो खाली असेल त्याचं चालेल. पण ते वाचून वहिनींना मॅनेजरवर चांगले संस्कार झाल्यासारखे वाटले नव्हते, आणि त्यांनी तिकडे लक्ष दिलं नव्हतं.

तरी एकदा चालवून बघितलं असतं तर कळलं असतं. पण शनिवारी खुर्चीवर वन्सं होत्या.

"वन्सं, जरा उठता का? बाबांची बस एकदा सुरू करून बघायची होती."

"माझी गाय विणार आहे गं."

"रात्रीपर्यंत विईल ना?"

"ते मी कसं सांगू? तिला विचार."

गाय काही वेळेवर व्याली नाही. वहिनींनी आयुष्यात पहिल्यांदा अंगावर घालून न बघता कपडा दिला.

रविवारी कंडक्टरकाका आले. अंगात कडक इस्त्रीचा शर्ट, आणि जमीन हलतेय अशा बेताने पाय फाकून उभं राहायची सवय अजून गेली नव्हती. आल्याआल्या बाबांच्या पायांकडे बघून म्हणाले, "घरात बूट? बायको असती तर घातले असतेस का?"

"ड्युटीवर आहे," बाबा म्हणाले. "बस मागे."

काकांना खुर्चीच्या मागे फ्रिजला टेकून स्टूल दिलं. वन्सं आणि नवरा दाराच्या चौकटीत. वहिनींनी चहाचे ग्लास टेबलावर ठेवले. बाबांनी स्टिअरिंगवर हात ठेवले, घसा साफ केला आणि खेळ सुरू केला.

डेपोत वन्संच्या ट्रॅक्टरच्या रंगाची, भगभगीत नारिंगी बस उभी होती. टपावर गवताचे भारे. पोच्याचा पत्ता नाही.

"ही?" काका म्हणाले.

"पुढे रंग येईल," बाबा म्हणाले. असं कधी झालं नव्हतं, पण काहीतरी म्हणणं भाग होतं. त्यांनी गाडी डेपोबाहेर काढताना हॉर्न दिला.

गाडी हंबरली. लांब आणि पोटातून.

वन्सं कुजबुजल्या, "माझी तांबू." चौकटीतून नवरा हसू दाबायला बाहेर गेला.

हॉस्पिटलच्या स्टॉपवर शेळ्या उभ्या होत्या. मागच्या दोन पायांवर, शिस्तीत, रांगेने. माणसांच्या जागी शेळ्या आल्या होत्या, पण माणसांचं सामान तसंच राहिलं होतं. एकीच्या काखेत पर्स होती, एक पेपर वाचत होती, एकीने छत्री टेकवली होती. दार उघडलं तशा त्या एकामागून एक आत चढल्या आणि सीटवर बसल्या.

बाबांनी दार बंद केलं.

"बेल दे," बाबा म्हणाले. कंडक्टरची डबल बेल मिळाल्याशिवाय बाबांनी स्टॉपवरून कधी गाडी हलवली नव्हती. बेल म्हणून काकांच्या हातात चमचा आणि चहाचा रिकामा ग्लास दिला होता.

"नाही देणार."

"का?"

"जनावरं आहेत आत. पॅसेंजर गाडीत जनावर चालत नाही. तुला नियम माहीत आहे."

"अरे, खेळ आहे हा!"

"मग बूट काढ."

हे बाबांना लागलं. त्यांनी स्टिअरिंगवरून हात काढले आणि मांडीवर ठेवले. "थाप नव्हती," ते म्हणाले. "गाडी तशीच होती. परवापर्यंत होती. राहू दे. चहा झाला ना तुझा? संध्याकाळची गाडी चुकेल."

काकांनाही आपण जरा जास्तच बोललो असं वाटलं असावं, पण नियम हा नियम. ते ग्लास हातात धरून बसून राहिले. स्क्रीनवर शेळ्याही बसून राहिल्या. मान वळवून त्या खिडकीबाहेर बघत होत्या, उशीर होत असल्यासारख्या.

"सरका, बाबा. मला बघू द्या," वहिनी म्हणाल्या. त्यांचे कान लाल झाले होते. त्यांनी मॅनेजर उघडला.

"बंद करून चालू कर," आत येत नवरा म्हणाला.

"लिफ्ट नाहीये ही."

"शेळ्यांना हात लावायचा नाही हं," वन्सं म्हणाल्या.

"हात लावत नाहीये, वन्सं. बघतेय. बाबा सगळ्यांत वर आहेत. यापेक्षा वर मी त्यांना कुठे बसवू?"

"टपावर बसव. गवत आहेच," नवरा म्हणाला. मग वहिनींनी बघितलं तसा तो टेबलावरचे रिकामे ग्लास गोळा करू लागला.

वहिनी हनुवटीला हात लावून रांगेकडे बघत राहिल्या. आणि मॅनेजरची ती उर्मट ओळ त्यांना आठवली. खालच्याचं चालतं. आता मात्र त्यांना ती उर्मट वाटेना, उलट चांगलीच ओळखीची वाटली. आधी अस्तर, मग कापड, मग ठिगळ. शेवटी जे शिवलं जातं तेच दिसतं. रांगेत वर म्हणजे मानाची जागा नव्हे, वर म्हणजे आधी. आपण बाबांना वर बसवलं नव्हतं, सगळ्यांच्या खाली गाडलं होतं. अस्तर केलं होतं त्यांचं.

कळलं, पण करायचं कसं? सासऱ्यांना त्यांच्यासमोर, पाहुण्यांसमोर, लेकीच्या शेळ्यांच्या खाली सरकवायचं, तेही न विचारता? ते वहिनींच्या हातून होण्यासारखं नव्हतं.

"बाबा," त्या म्हणाल्या, "तुम्हाला खाली घ्यावं लागेल."

"कुठे खाली?"

"रांगेत. सगळ्यांत शेवटी."

"बेबीच्याही खाली?"

"हो."

"शेळ्यांच्याही?"

"शेळ्यांच्या खाली, ट्रॅक्टरच्या खाली, गाईच्या आवाजाच्याही खाली. तसंच चालतं ते. जो शेवटी, त्याचंच खरं."

बाबांनी खोलीभर नजर फिरवली. "या घरात मी भाडं भरायचो तेव्हा मला कुणी शेवटी बसवत नव्हतं."

"बाबा, नुसतं कॉम्प्युटरमध्ये," नवरा म्हणाला.

"तू गप्प बस. तुझी दाढी कुठे आहे रांगेत?"

"माझा कप्पा वेगळा आहे."

"बघ! त्याचा कप्पा वेगळा."

तेव्हा मागून कंडक्टरकाका म्हणाले, "काय रे, बसमध्ये मी कुठे असायचो?"

"मागे."

"सगळ्यांत मागे. तू पुढे, काचेपाशी, उंच सीटवर. आणि गाडी कुणाच्या शब्दावर हलायची?"

बाबांची नजर काकांच्या हातातल्या चमच्याकडे गेली.

"तर मग," काका म्हणाले.

"घे खाली," बाबा वहिनींना म्हणाले. "पण त्याला आवडलं म्हणून नाही. तू सांगतेस म्हणून."

वहिनींनी बाबांना एकेक करून खाली आणलं. बस, हॉर्न, पॅसेंजर, स्टॉप. आणताना दर वेळी त्या नकळत मान लववत होत्या. मग खेळ पुन्हा सुरू केला.

डेपोत हिरवी बस उभी होती. साय रंगाचा पट्टा, आणि मागच्या दाराशेजारी तो पोचा.

काका स्टुलावरून उठले. चष्मा वर करून स्क्रीनला नाक लागेल इतके जवळ गेले. "ही ती भिंत."

"भिंत पुढे आली होती," बाबा म्हणाले.

"भिंत होती तिथेच होती. मी मागच्या खिडकीतून बघत होतो."

"मग चौकशीत सांगितलं का नाहीस?"

"सांगितलं. म्हटलं, भिंत पुढे आली होती." काका पुन्हा स्टुलावर बसले. "चल. उशीर झालाय."

बाबांनी स्टिअरिंगवर पुन्हा हात ठेवले. मग त्यांनी गाडी काढली. हॉर्न जुना, घोगरा, सर्दी झाल्यासारखा. हॉस्पिटलच्या स्टॉपवर माणसं होती. फक्त मधोमध, काखेत पर्स घेऊन, एक शेळी उभी होती. पर्सवाल्या बाईसाठी बाबांच्या मॉडमध्ये बदली माणूसच नव्हतं. त्यामुळे भांडण नाही, आणि भांडण नाही म्हणून शेळी तशीच.

सगळ्यांनी कंडक्टरकडे बघितलं.

"आता मी काही करणार नाही," वहिनी म्हणाल्या. "माझ्या हाताला घाम आलाय."

काकांनी शेळीला नीट न्याहाळलं. "एकटीच आहे?"

"एकटीच," वन्सं म्हणाल्या. "स्वभावाने गरीब आहे हो."

"लगेज म्हणून घेता येईल," काका म्हणाले. "मागच्या सीटवर. पण पर्स मांडीवर ठेवायची." आणि त्यांनी ग्लासवर चमच्याचे दोन ठोके दिले.

बाबा निघाले. काड्यापेटी कारखाना आला, मुलींची शाळा आली. काका मोठ्याने पुकारत होते, पुढे सरका म्हणत होते, सुटे काढा म्हणत होते. वन्संनी आणि नवऱ्याने तिकिटं काढली, वहिनींना पास होता. वळणावर सगळे एका बाजूला कलले. बाबा जोरात हाणतोय, असं काका नेहमीप्रमाणे म्हणाले आणि बाबा नेहमीप्रमाणे म्हणाले, की उतर मग. खाणीच्या फाटकाशी गाडी थांबली तेव्हा काका उठले. बाबा उठले नाहीत, कारण शेवटचा पॅसेंजर उतरेपर्यंत ड्रायव्हर सीट सोडत नाही. काकांनी त्यांच्या खांद्यावर चापट मारली. "जशीच्या तशी नाही," ते म्हणाले. "आपल्या वेळी शेळी पुढच्या दाराने चढायची."

नवरा त्यांना स्टेशनवर सोडायला गेला. जिन्यात पावलं वाजत होती तोवर बाबा हॉर्न देत होते. पावलं ऐकू येईनाशी झाल्यावरही त्यांनी एकदा दिला. मग बूट काढले आणि गॅलरीत जाऊन बसले.

वन्संनी बराच वेळ धीर धरला होता. आता त्या खुर्चीवर बसल्या आणि त्यांनी आपलं शेत उघडलं. कप्पा अजून सामाईकच होता, आणि आता शेवटी बाबा होते.

"वहिनीऽ! माझ्या गोठ्यात बस उभी आहे! ट्रॅक्टर कुठाय? तांबू कुठे जाणार?"

वहिनी भांडी तशीच टाकून धावल्या. पण त्यांच्याआधी गॅलरीतून बाबांचा आवाज आला आणि पाठोपाठ बूट शोधल्याची खुडबुड.

"हात लावू नकोस, बेबी! तुला रिव्हर्स जमायचा नाही. मी येतो काढायला."